निकाल कागदावर नसतो

कुस्तीच्या मैदानाचं पत्रक म्हणजे पातळ गुलाबी नाहीतर पिवळा कागद. वर ग्रामदैवताचं नाव आणि 'प्रसन्न', त्याखाली जाड ठशात 'कुस्त्यांचे जंगी मैदान', मग गाव, जत्रेची तिथी, वार. मधोमध दोन पैलवानांचे फोटो. दोघांच्या छात्या फुगलेल्या, दोघंही सरळ कॅमेऱ्याकडे बघताहेत आणि दोघांच्या मध्ये एकच शब्द, 'विरुद्ध'. त्याखाली जोडींची यादी. पहिल्या नंबरची कुस्ती, दुसऱ्या नंबरची, तिसऱ्या नंबरची. नंबर वाढत जातो तसं इनाम कमी होतं आणि अक्षरही बारीक होत जातं. अगदी तळाला पंच कमिटीची नावं, आणि लहान पोरांच्या कुस्त्या रेवड्यांवर दुपारीच सुरू होतील अशी सूचना.

या कागदावर सगळं असतं, निकाल तेवढा नसतो. असणार कसा? पत्रक मैदानाच्या आधीच वाटून झालेलं असतं. कोण कुणाशी लढणार हे त्यातून कळतं. प्रत्यक्ष कोण लढला, कोण आलाच नाही, कुणाची पाठ मातीला लागली आणि कुणी शेवटची दहा मिनिटं नुसती मानगूट धरून काढली, हे सगळं नंतरचं. ते बघणाऱ्यांच्या तोंडीच राहतं. आणि बघणारे आता भराभर कमी होताहेत.

आमच्या घरी अशी पत्रकं टिकली ती माझ्या एका चुलत आजोबांमुळे. ते प्राथमिक शाळेत शिक्षक; अख्खं गाव त्यांना मास्तर म्हणायचं, म्हणून आम्ही नातवंडंही मास्तरच म्हणायचो. अंगाला कधी माती लागली नाही, पण सायकल पोचेल तिथलं मैदान चुकवायचे नाहीत. पत्रक चौघडी घालून कोटाच्या खिशात. रात्री घरी आल्यावर, मुलांच्या वह्या तपासायची तीच लाल-निळी पेन्सिल काढायची आणि एकेका जोडीपुढे खूण करायची. 'चि' म्हणजे चितपट, 'ब' म्हणजे बरोबरीत सुटली. जिंकणाऱ्याच्या नावाखाली लाल रेघ. जी कुस्ती नुरा वाटली, म्हणजे दोघांनी आधीच ठरवून केलेली, तिच्यापुढे नुसतं प्रश्नचिन्ह. आणि यादीच्या वरच्या टोकाला वारंवार भेटणारा निळ्या अक्षरांतला शेरा: 'आला नाही'. मोठ्या टायपातला लांबचा मल्ल पुष्कळदा पत्रकावरच यायचा, हौदात उतरायचा नाही. तिकिटं मात्र त्याच्याच नावावर खपलेली असायची.

माझे सख्खे आजोबा, आबा, याच्या अगदी उलट. लिहिण्याशी त्यांचा संबंध सहीपुरता. वारणाकाठच्या जत्रांतून ते बरीच वर्षं लढले, पण नाव कधी पहिल्या पाचांत लागलं नाही. पत्रकात ते सापडतात ते तळाशी, जिथे वाचायला भिंग लागतं. सांगायला बसले की मात्र यादीतला त्यांचा नंबर कुणाच्या लक्षात राहायचा नाही. एका जत्रेतल्या कुस्तीची गोष्ट ते दर वर्षी सांगायचे. समोरचा गडी वजनाने सवाई. तो पट काढायला खाली आला, आबांनी ढाक लावली आणि गडी आभाळ बघत पडला. हलगीवाल्याने म्हणे आनंदाने हलगीच फोडली. पुढे कधीतरी मास्तरांच्या पेटीत त्याच मैदानाचं पत्रक निघालं. आबांच्या जोडीपुढे 'ब'. मी ते त्यांच्यापुढे धरलं. त्यांनी चष्मा न लावताच कागद बघितला आणि म्हणाले, "मास्तर तवा च्या प्यायला गेलता."

मास्तर तेव्हा हयात होते. त्यांना विचारलं. ते म्हणाले, "चहा प्यायलो हे खरं आहे. पण कुस्ती सुटल्यावर."

एकाकडे कागद, एकाकडे तोंड. नुसत्या मास्तरांवर विसंबलं तर कुस्ती म्हणजे 'चि' आणि 'ब' अशा दोन अक्षरांचा हिशेब राहतो. आबांवर विसंबलं तर वारणाकाठी एकही कुस्ती बरोबरीत सुटलेली नाही. मी गेली काही वर्षं जुनी पत्रकं, फोटो, कडी, फेटे आणि त्यांच्यामागच्या गोष्टी गोळा करतो आहे तो या दोघांच्या भांडणातूनच.

आबांच्या गोष्टींची सुरुवात ठरलेली, खासबागेपासून. आणि तीही त्यांच्या वडिलांच्या तोंडची. शाहू महाराज १९०२ साली विलायतेला गेले, त्या प्रवासात रोमचं जुनं कलोसियम त्यांनी पाहिलं आणि असं मैदान आपल्या कोल्हापुरात पाहिजे हे मनाने घेतलं. १९०७ ला काम लागलं, १९१२ ला मैदान तयार झालं. मध्ये गोल हौद, भोवताली चढत गेलेला उतार, नजरेच्या आड एक खांब नाही. राजाला जे दिसतं तेच शेवटच्या ओळीतल्या हमालाला दिसावं असा बेत. पहिल्या मैदानात गामा पैलवानाचा भाऊ इमामबक्ष आणि गुलाम मोहिद्दीन यांची कुस्ती लागली आणि इमामबक्षाने ती मारली. आमचे पणजोबा या मैदानाला गेले होते असं आबा सांगायचे. आबांचा स्वतःचा जन्म त्यानंतर वीसएक वर्षांचा. तरी इमामबक्षाच्या मांड्या, त्याची हौदातली पहिली सलामी, खाली वाकून कपाळाला लावलेली माती, सगळं डोळ्यांनी पाहिल्यासारखं. पणजोबांनी काय पाहिलं आणि आबांनी त्यात काय घातलं, हे आता वेगळं काढता येत नाही. मी ते काढायच्या फंदातही पडत नाही. फक्त टेपवर घेताना एक ठरवून टाकलं: हे तुम्ही पाहिलं, की ऐकलं? हा प्रश्न प्रत्येक गोष्टीच्या शेवटी विचारायचाच. बहुतेक म्हातारे या प्रश्नाने चिडतात. चिडले की जास्त खरं सांगतात.

गामाचं नाव निघालं की बडोद्याचा दगड निघायचाच. तो दगड आजही बडोद्याला सयाजीबागेतल्या संग्रहालयात आहे. २३ डिसेंबर १९०२ या दिवशी गामाने तो उचलला आणि त्याचं वजन १२०० किलो, अशी त्याची ख्याती. बाराशे किलो एका माणसाने उचलायचं म्हणजे नेमकं काय केलं असेल, हा विचार कुणाच्याही मनात येईल. मी आबांना तसं म्हटल्यावर ते म्हणाले, "उचलला म्हंजे काय डोस्क्यावर घिऊन नाचला न्हाई. जागचा उठवला. तुझ्या बाला उठंल काय?" माझा बाप तालुक्याला कारकून होता, तेव्हा वाद तिथेच मिटला. पण दगड डोळ्यापुढे आहे हे महत्त्वाचं. दगड नसता तर गोष्ट दर पिढीला शंभर किलोंनी वाढली असती. वस्तू असली की गोष्टीला वेसण राहते.

त्याच बडोद्यात द. चिं. मुजुमदारांनी व्यायामज्ञानकोशाचे दहा खंड काढले, मराठीत, १९३६ पासून पुढच्या काळात. कुस्तीचे डाव, तोडी, जोर-बैठका, मल्लखांब, लेझीम, सगळं पद्धतशीर. एवढं काम आपल्या भाषेत झालं आहे हे आज तालमीतल्या पोरांना सांगितलं तर खरं वाटत नाही. ढाक कशी लावायची हे त्या परंपरेमुळे कागदावर राहिलं. कुठल्या जत्रेत कुणी कुणाला ढाक लावली, हे मात्र मास्तरांसारख्या चार वेड्यांच्या पेन्सिलीवर सोडलेलं.

आता खाशाबा. आमच्या भागात म्हातारा माणूस बोलता करायचा असेल तर दुसरं नाव घ्यावं लागत नाही. खाशाबा दादासाहेब जाधव, जन्म १५ जानेवारी १९२६, गाव कराडला लागून असलेलं गोळेश्वर. वडीलही कुस्तीतले. शिक्षण कराडच्या टिळक हायस्कुलात, मग कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजात. १९४८ ला लंडनच्या ऑलिम्पिकला गेले तेव्हा मातीतल्या या माणसाने मॅटवर पाय ठेवायची ती पहिलीच वेळ, तरी सहावे आले. कोल्हापूरच्या महाराजांनी त्या वेळी खर्च उचलला होता. १९५२ ला हेलसिंकीला जायचं तर पैसा नाही. राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डेकर यांनी राहतं घर गहाण टाकून सात हजार रुपये उभे केले, बाकीचे लोकांनी. २३ जुलै १९५२ ला खाशाबांना बँटमवेट गटात कांस्यपदक मिळालं. स्वतंत्र भारताचं ते पहिलं वैयक्तिक ऑलिम्पिक पदक. दुसरं यायला १९९६ उजाडलं, अटलांटात लिअँडर पेसच्या हाताने. मधली चव्वेचाळीस वर्षं हा एकच मराठी गडी.

खाशाबा परत आले तेव्हा कराड स्टेशनापासून बैलगाड्यांची मिरवणूक निघाली. ही मिरवणूक पाहिलेली माणसं मला भेटली आहेत, आणि गाड्यांचा आकडा प्रत्येकाचा वेगळा. कुणी शंभर म्हणतं, कुणी एकशे एक, कुणी एकशे एक्कावन्न. छापील लेखांतही हीच तऱ्हा. मास्तर एकशे एकवर ठाम होते, कारण शुभ आकडा तोच. आबा एकशे एक्कावन्नवाले. त्यांचं म्हणणं, आमची गाडी मागून सामील झाली, त्यामुळे आधी मोजणाऱ्यांच्या हिशेबात ती आलीच नाही. आणखी एका आजीने मला सांगितलं ते या सगळ्या आकड्यांपेक्षा मोलाचं. त्या तेव्हा नव्याने नांदायला आलेल्या. मिरवणूक बघायला बायकांना रस्त्यावर जायची सोय नव्हती, म्हणून माळवदावर चढून बघितली. "पैलवान केवडुसा," त्या म्हणाल्या, "आमाला वाटलं डोंगरागत आसंल. गाडीत हारांत दिसंनाच." सत्तावन्न किलोच्या गटातला माणूस! गोळेश्वरच्या एकाही भाषणात हे वाक्य येत नाही. येऊन-जाऊन 'वाघ' आणि 'सिंह' येतात.

खर्डेकरांचं गहाण घर सोडवायला खाशाबांनी परत आल्यावर कोल्हापुरात कुस्त्यांचं मैदान भरवलं, स्वतः लढले, जिंकले आणि आलेला पैसा प्राचार्यांना दिला. या मैदानाचं पत्रक मी शोधतो आहे. पदकाचा फोटो कुठेही मिळतो. पण ऑलिम्पिकवीर कर्ज फेडायला मातीत उतरला त्या दिवशी त्याच्याखाली कुणाकुणाच्या जोडी लागल्या होत्या, हे त्या पातळ कागदाशिवाय कोण सांगणार? मला गदेपेक्षा पत्रक मोठं वाटतं ते याचसाठी. १९६१ पासून महाराष्ट्र केसरी ठरतो आहे. आज त्याला मिळते ती चांदीची गदा एकाची. पत्रकात सगळ्यांची नावं असतात, हरणाऱ्यांचीही. आबांसारखी माणसं इतिहासात दुसऱ्या कुठल्या दाराने येणार?

पुढचं सगळ्यांना थोडंफार माहीत आहे. १९५५ ला खाशाबा पोलीस खात्यात फौजदार झाले, १९८३ ला निवृत्त झाले, १४ ऑगस्ट १९८४ ला रस्त्यावरच्या अपघातात गेले. अर्जुन पुरस्कार मिळाला तो मरणोत्तर. आणि २०१७ साली वर्तमानपत्रांत बातमी आली की त्यांचे चिरंजीव ते पदक लिलावात काढायच्या विचारात आहेत, कारण गोळेश्वरला जाहीर झालेली कुस्ती अकादमी वर्षानुवर्षं कागदावरच आहे. मास्तर असते तर त्या बातमीपुढे त्यांनी निळ्या पेन्सिलीने शेरा मारला असता: आला नाही.

वस्तू गोळा करायला हिंडतो तेव्हा काय काय मिळतं ते सांगतो. पैलवानाच्या घरात पहिल्यांदा दाखवला जातो तो भिंतीवरचा फोटो: डोक्याला फेटा, खांद्यावर गदा, मागे स्टुडिओचा रंगवलेला पडदा आणि त्यावर कुठलंतरी परदेशी तळं. फोटोतली गदा बहुधा स्टुडिओच्या मालकीची. मग पत्र्याच्या ट्रंकेतून येतं चांदीचं कडं, तेही मोडीत गेलेलं नसेल तर. बक्षिसाचे फेटे लेकी-सुनांनी गोधडीत शिवलेले असतात; एका घरात मला गोधडीच उलटी करून दाखवली, आतल्या बाजूला तुऱ्याची जर दिसत होती. लंगोट कुणी ठेवत नाही. तालमीत घुमवून घुमवून दांडा गुळगुळीत झालेला करेला दाराला अडसर म्हणून लावलेला असतो. आणि फोटोंच्या मागे नाव नसतं. हे सर्वांत वाईट. आठ पैलवान, मध्ये वस्ताद, कोरी पाठ. घरातली एकच म्हातारी आठांतल्या तिघांना ओळखते. पुढच्या वेळी जावं तर ती गेलेली असते.

एका जुन्या स्टुडिओत चौकशी केली. तिथे पैलवानांच्या काचेच्या निगेटिव्हांचे गठ्ठे होते म्हणे. मालकाच्या मुलाने त्या धुऊन काचा फोटोफ्रेमना वापरल्या. त्याने हे लपवून ठेवलं नाही, उलट काच किती चांगली होती ते सांगितलं. त्याला नावं ठेवायचा मला अधिकार नाही; त्याच्या दारात तोवर कुणी विचारायलाच गेलं नव्हतं.

मुष्टियुद्धवाल्यांनी हे काम कसं केलं ते बघण्यासारखं आहे. अमेरिकेत न्यूयॉर्क राज्यात कॅनास्टोटा म्हणून लहानसं गाव आहे, कांदा पिकवणारं. तिथल्या एका कांदेवाल्या शेतकऱ्याचा मुलगा कार्मेन बॅसिलिओ. १९५५ ला तो वेल्टरवेटचा जगज्जेता झाला, १९५७ ला शुगर रे रॉबिन्सनला हरवून मिडलवेटचाही. पुढे १९७० ला त्याचाच भाचा बिली बॅकस जगज्जेता. एवढ्याशा गावाने दोन जगज्जेते दिले याचा गावाला अभिमान वाटला आणि त्यांनी आधी या दोघांची आठवण म्हणून एक दालन उभारलं. त्यातून १९८९ ला मुष्टियुद्धाचं आंतरराष्ट्रीय संग्रहालय उभं राहिलं. आता जगभरातल्या मुष्टियोद्ध्यांच्या मुठींचे साचे तिथे आहेत. न्यूयॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये १९२५ पासून वापरात असलेलं रिंगण २००७ ला निवृत्त झालं, तेही या गावाने आणून ठेवलं. कांद्याच्या गावाला जमलं ते उसाच्या गावाला जमू नये असं काही नाही.

आणि एकटा माणूस काय करू शकतो याचं उदाहरण म्हणजे फ्लोरिडातला हँक कॅप्लन. आयुष्यभर हा माणूस मुष्टियुद्धाची कात्रणं, फोटो, पुस्तकं, पोस्टरं घरी साठवत राहिला. लाखो कागद झाले. २००७ ला तो गेला तेव्हा सगळा संग्रह ब्रुकलिन कॉलेजच्या ग्रंथालयाला गेला आणि आज संशोधक तिथे जाऊन वाचतात. मास्तरांच्या लोखंडी पेटीचं मोठं भावंड म्हणायचं. फरक एवढाच की कॅप्लनच्या कागदांना घ्यायला कॉलेज पुढे आलं.

गंमत अशी की 'आला नाही'चा शेरा मुष्टियुद्धवाल्यांकडेही आहे. अली आणि फोरमनची १९७४ ची ती झाईरमधली लढत प्रत्यक्षात झाली ३० ऑक्टोबरला, पण तिची मूळची पोस्टरं २५ सप्टेंबरची. सरावात फोरमनच्या डोळ्यावर जखम झाली आणि तारीख पुढे गेली. अली-लिस्टन दुसरी लढत बोस्टनला १६ नोव्हेंबर १९६४ ला व्हायची होती. अलीला हर्नियाने गाठलं, मग ती २५ मे १९६५ ला मेन राज्यातल्या लुइस्टन या गावात झाली. त्यांच्याकडे न झालेल्या तारखेचा कागदही कुणीतरी ठेवला, आणि ती लढत त्या दिवशी का झाली नाही हेही लिहून ठेवलं. पत्रक आणि निकाल, दोन्ही. अलीचा एक पट्टा २०२२ ला लिलावात साठ लाख डॉलरच्या वर गेला. त्या बाजाराशी मला कर्तव्य नाही. पैसा लागला की वस्तू तिजोरीत जाते आणि गोष्ट बाहेर राहते.

मुष्टियुद्धाचा विषय निघालाच आहे तर आमच्याकडच्या एका माणसाचं नाव घेतलं पाहिजे. सांगली जिल्ह्यातल्या पेठ इस्लामपूरचे मुरलीकांत पेटकर सैन्यात मुष्टियोद्धा होते. १९६५ च्या युद्धात गोळ्या लागून कमरेखालचं बळ गेलं. मग पोहायला लागले आणि १९७२ ला हायडेलबर्गच्या पॅरालिम्पिकमध्ये सुवर्णपदक घेऊन आले. पद्मश्री मिळाली २०१८ ला. २०२४ ला त्यांच्यावर हिंदी सिनेमा आला तेव्हा शेजारच्या तालुक्यातली पोरं मला विचारत होती, "हे खरंच आपल्याकडचे का?" घरापासून तासाभराच्या अंतरावरचा माणूस कळायला पडद्यावर यावा लागला.

घाई का करायची तेही सांगतो. गणपतराव आंदळकर सप्टेंबर २०१८ ला गेले, दादू चौगुले ऑक्टोबर २०१९ ला, श्रीपती खंचनाळे डिसेंबर २०२० ला. तीन नामवंत मल्ल, तिघंही कोल्हापूरच्या तालमींचे, तीन वर्षांत. त्यांच्यावर लेख आले, ग्रंथही निघतील. त्यांच्याबरोबर मोतीबागेत, शाहूपुरीत, गंगावेशीत भल्या पहाटे जोर मारणारी, त्यांना लढतीआधी झोंबी द्यायची आणि स्वतः चौथ्या नंबरवर लढायची, अशी माणसं त्याच वयाची आहेत. त्यांच्यावर कुणी लिहिणार नाही. आणि वस्तूंचं म्हणाल तर ८ ऑगस्ट २०२४ ची रात्र कोल्हापूरकर विसरणार नाहीत. खासबागेला लागून असलेलं, शाहू महाराजांच्या काळातलं केशवराव भोसले नाट्यगृह डोळ्यांदेखत जळालं आणि आगीची झळ मैदानापर्यंत पोचली. शंभर वर्षांचं लाकूड एका रात्रीत जातं. माळ्यावरच्या गुलाबी कागदाला तर एक उंदीर पुरे.

आबा गेले, मागोमाग मास्तर. पेटी माझ्याकडे आली. त्या 'ब'पुढे मी माझ्या हाताने बारीक अक्षरात एवढंच लिहिलं आहे: 'स्वतः लढणाऱ्याच्या मते चि.' दोन्ही राहू देत. खासबागेत युवराज पाटलांनी सतपालला हरवलं ती कुस्ती बघितल्याचं सांगणारी माणसं तर मला इतकी भेटली आहेत की सगळी खरी धरली तर महाराजांना मैदान चौपट बांधावं लागलं असतं. मी त्यांच्यातल्या कुणालाच खोटं पाडत नाही. फक्त विचारतो, कुठे बसला होता, शेजारी कोण होतं, परत कशाने आलात. ज्याला परतीची गाडी आठवते तो खरंच गेलेला असतो.

तेव्हा वाचकांना सांगणं एवढंच. तुमच्या घरात, मामाच्या घरात, बंद पडलेल्या तालमीच्या कोनाड्यात मैदानाची पत्रकं, फोटो, तिकिटं असतील तर रद्दीत घालू नका. लॅमिनेट करू नका आणि चिकटपट्टी लावू नका. दोन्हींनी जुना कागद मरतो. घडी उलगडून, दोन कोऱ्या कागदांच्या मध्ये, सपाट ठेवा. मोबाइलवर फोटो काढून घराबाहेरच्या निदान एका माणसाकडे पाठवून ठेवा. घरातल्या म्हाताऱ्याला पत्रक हातात देऊन बोलतं करा, आणि कोण जिंकलं हे शेवटी विचारा; आधी विचारा, कोण आला नव्हता. १९५२ नंतर खाशाबांनी खर्डेकरांच्या घरासाठी भरवलेल्या मैदानाचं पत्रक कुणाकडे असेल तर ते मला देऊ नका, तुमच्याकडेच ठेवा, पण ते आहे एवढं चार लोकांना कळू द्या. फोटोच्या पाठीवर नाव, गाव, साल लिहा. लिहिताना शिसपेन्सिल घ्या. शाई काही वर्षांनी पुढच्या बाजूला उतरते.